न तुडवलेला बर्फ

आल्डोना गेली, हे सगळ्यांत आधी योकुबासच्या कानांना कळलं.

खाडी गोठलेली होती. वर रात्री पडलेला ताजा बर्फ होता आणि त्यावर धुकं उतरलं होतं. त्या धुक्यातून आल्डोनानं एकटीनं चालत काठावरच्या कॅमेऱ्याकडे यायचं, एवढाच शॉट होता. काठावरच्या माणसांना समोर नुसतं पांढरं दिसत होतं. तिच्या कोटाच्या आत छोटा माइक लावला होता, आणि तिचा नवरा योकुबास हेडफोन चढवून तिची पावलं ऐकत बसला होता. जन्मभर त्यानं सिनेमांसाठी आवाज टिपायचं काम केलं. बायकोची पावलं तर तो झोपेतही ओळखायचा.

पावलं थांबली. आल्डोना म्हणाली, "इथे बर्फ ओला दिसतोय. करडा झालाय. वळसा घालू का?"

दुसरे हेडफोन दिग्दर्शकाच्या कानांवर होते. त्याचं नाव रिमगौदास. त्याच्या हातात भोंगा होता. भोंगा एकदा वाजला की जिथे असाल तिथे थांबायचं आणि आल्या पावली मागे जायचं, असं ठरलेलं होतं. योकुबास उठला आणि त्यानं भोंग्यासाठी हात पुढे केला. रिमगौदासनं ओठांवर बोट ठेवलं.

हेडफोनमध्ये पावलं पुन्हा सुरू झाली. सरळच येत होती. मग बर्फ मोडला. मग माइक पाण्यात बुडाल्यावर येतो तसा घुटघुट आवाज आला आणि बंद पडला.

योकुबास खाडीवर धावला, पण शेजारी राहणाऱ्या आन्सासनं त्याला मागून कोटाला धरून पाडलं आणि तो उठू नये म्हणून त्याच्यावर आडवा पडून राहिला. संध्याकाळपर्यंत अग्निशामक दलाच्या लोकांनी आल्डोनाला बाहेर काढलं. गावाला दुपारी कळलं, देशाला रात्रीच्या बातम्यांत. बातम्या देणाऱ्या बाईनं तिचं आडनाव चुकवलं, सिनेमाचं नाव मात्र बरोबर सांगितलं.

पोलिसांनी रिमगौदासला विचारलं, "बाई वळसा घालू का म्हणून विचारत होत्या, ते तुम्ही ऐकलंत ना?"

"ऐकलं."

"मग भोंगा का नाही वाजवलात?"

"मला वाटलं, ती अभिनय करतेय," असं म्हणून रिमगौदास टेबलावर डोकं ठेवून रडला.

योकुबास तिथेच बसला होता. तो माणूस खोटं बोलत असता तर त्याचा राग तरी करता आला असता. पण खोट्या रडण्याचा आवाज कसा असतो हे योकुबासला कामामुळे ठाऊक होतं, आणि हे रडणं खरं होतं.

तो सिनेमा म्हणजे दुसरा भाग होता. पहिला भाग आला तेव्हा आल्डोना तिशीची होती. त्यात ती टेक्ले नावाच्या कोळिणीचं काम करत होती. शेवटी टेक्ले एका सकाळी नवऱ्याच्या घराला कडी घालते आणि गोठलेल्या खाडीवरून पलीकडच्या वाळूच्या टेकड्यांकडे चालू लागते. धुकं तिला गिळतं. सिनेमा संपतो. ती पोचली की बुडाली, ते कुणालाच कळत नाही. लिथुआनियात असा माणूस शोधून सापडणार नाही की ज्यानं त्यावर एकदा तरी जेवणाच्या टेबलावर वाद घातला नाही.

लोक आल्डोनाला भर दुकानात गाठायचे. "बाई, पोचलात का हो पलीकडे?"

"पोचले तर! पण तिकडे बटाटे महाग निघाले," असं ती म्हणायची. लोक हसायचे. घरी आली की चपला काढता काढता म्हणायची, "आज पुन्हा बुडाले बघ."

दुसरा भाग काढायला पुष्कळ जण टपले होते. रिमगौदासनं कुणाला हात लावू दिला नाही. "प्रश्न मी विचारलाय, उत्तरही मीच देणार," असं तो म्हणायचा. खरी गोष्ट ही, की उत्तर त्यालाही माहीत नव्हतं. मधल्या वर्षांत त्यानं जे काढलं ते एकामागून एक पडलं. लोकांना त्याच्याकडून फक्त टेक्ले हवी होती. शेवटी केस पांढरे झाल्यावर तो कथा घेऊन यांच्या घरी आला. टेक्ले म्हातारी होऊन परत येते. त्याच धुक्यातून, त्याच सरळ रेषेत. जिथे पहिला भाग संपला तिथूनच दुसरा सुरू.

योकुबासला ते आवडलं नव्हतं. आता खाडी पूर्वीसारखी गोठत नाही. पण आल्डोना म्हणाली, "एकदाची ती बाई घरी येऊ दे रे. म्हणजे मी सुटेन."

रिमगौदासच्या काम करायच्या दोन पद्धती होत्या, आणि साऱ्या देशात त्यांचं कौतुक होतं. एक म्हणजे तो सिनेमा क्रमानंच काढायचा. पहिला शॉट मनासारखा झाल्याशिवाय दुसऱ्याला हात नाही. दुसरी म्हणजे बर्फ असेल तर तो कुणीही तुडवलेला नसावा. टेक्लेच्या आधी त्या बर्फावर कुणाचंही पाऊल उमटता कामा नये.

खाडीवरच्या माणसांची रीत नेमकी उलटी. इथे हातात लोखंडी पहार घेतल्याशिवाय कुणी बर्फावर उतरत नाही. पुढचा पहार मारून बघतो आणि मागचे त्याच्याच पावलांवर पाय टाकत जातात. न तुडवलेल्या बर्फावरून चालायचं नाही, हे इथे पोराला चालायच्या आधी शिकवतात. आन्सासनं आल्डोनाला घसरगाडीवर बसवून लव्हाळ्याच्या कडेकडेनं, तपासलेल्या वाटेनं खाडीत दूरवर नेलं होतं. निघण्याआधी त्यानं रिमगौदासला विचारलंही होतं, "परतताना सरळ रेषेत पहार मारत येतो ना मी! पाच-पंचवीस भोकं पडतील, त्यात काय?"

"आणि तुझी पावलं?" रिमगौदास म्हणाला होता.

एवढ्या एका गोष्टीपायी बर्फ तपासायचा राहिला.

त्या हिवाळ्यानंतर काम बंद पडलं. पैसे घालणारे पळाले, विमा कंपनीनं हात वर केले. योकुबासनं हेडफोन पेटीत घातले आणि पेटी माळ्यावर टाकली. घर शांत झालं म्हणावं तर तसंही नव्हतं. चुलीतलं लाकूड तडतडायचं, भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक चालायची. हे आवाज आधीही होते, पण आल्डोनाच्या वावरण्याखाली झाकले जायचे. आता प्रत्येक आवाज उघडा पडला होता. योकुबासनं घड्याळ काढून आन्सासला देऊन टाकलं.

नोव्हेंबरच्या सुरुवातीला, मृतांच्या दिवशी, सगळं गाव कबरींवर मेणबत्त्या लावायला जमलं. योकुबासची मुलगी मिल्दा क्लाइपेदा शहरातून आली होती. ती तिथल्या नाटक कंपनीत होती. बापलेक कबरीपाशी पोचले तेव्हा रिमगौदास आधीच तिथे गुडघ्यांवर बसून ओली पानं हातानं वेचत होता. तो खूप वाळला होता.

"काका!" म्हणत मिल्दानं त्याला उठायला हात दिला. लहानपणी ती त्याच्या खांद्यावर बसून हिंडलेली पोर.

रीतीप्रमाणे योकुबासला त्याला कॉफीला बोलवावंच लागलं. आन्सासही आला. टेबलावर धुरी दिलेला मासा होता, काळी भाकरी होती, आणि रिमगौदासनं आणलेला केक होता.

"तू आलास की माझ्या कोंबड्या अंडी घालायच्या बंद होतात," आन्सास रिमगौदासला म्हणाला.

"मग त्यांना सांग, या वेळी फार दिवस राहणार नाही."

"या वेळी म्हणजे?"

रिमगौदास मिल्दाकडे बघत होता. "कप तू अगदी आईसारखा धरतेस," तो म्हणाला. "दोन्ही हातांनी."

मिल्दानं पटकन एक हात काढून घेतला आणि हसली.

"मला उत्तर सापडलंय," रिमगौदास शांतपणे म्हणाला. तो कधीच आवाज चढवून बोलत नसे. "टेक्ले म्हातारी होऊन येते, हीच चूक होती. ती म्हातारी झालेलीच नाही. गेली त्याच वयाची परत येते. काठावर सगळे म्हातारे झालेत, नवरा मेलाय, आणि ही तशीच येते. तोच कोट, तोच रुमाल. धुक्यात काळ गेलाच नाही."

मिल्दा तिशीची होती. टेबलावरच्या चौघांनाही ते ठाऊक होतं.

"पैसे कोण देणार?" आन्सासनं विचारलं.

"घर विकलं. कंपनी नाही, परवानगी नाही. कॅमेरावाला आणि मी. एक शॉट झाला की तो दाखवून पुढचे पैसे मिळतील."

"आणि साऊंड?" योकुबासनं पहिल्यांदा तोंड उघडलं. "मी करणार नाही."

"तुला त्रास देणार नाही," रिमगौदास म्हणाला. मग त्यानं टेबलावरून हात पुढे करून योकुबासच्या हातावर ठेवला. "आवाज आहे माझ्याकडे. आल्डोनाचाच ठेवणार आहे. तिची पावलं, तिचा श्वास, तिचा तो प्रश्न. बर्फ मोडायच्या आधीपर्यंतचा सगळा. त्याहून खरं आजवर कुणी बोललेलं नाही, योकुबास."

योकुबासनं हात काढून घेतला. आन्सास उठला, ताटलीतला उरलेला केक त्यानं कागदात गुंडाळून रिमगौदासच्या समोर ठेवला आणि दार उघडून धरलं. रिमगौदास निमूटपणे गेला. मिल्दा त्याला गाडीपर्यंत सोडायला गेली आणि बराच वेळ परत आली नाही.

आली तेव्हा तिच्या हातात कोट होता. करड्या लोकरीचा, लाकडी गुंड्यांचा. पहिल्या सिनेमातला. तसाच दुसरा कोट त्या दिवशी आल्डोनाच्या अंगावर होता.

"तू हो म्हणालीस," योकुबास म्हणाला.

"बाबा, मी आत्ताच्या नाटकात तिसरी शेजारीण आहे. माझी दोन वाक्यं होती. गेल्या आठवड्यात त्यातलं एक कापलं."

"म्हणून खाडीत जाऊन मरायचं?"

"आईचं काम अर्धं राहिलंय. ते मी नाही करायचं तर कुणी करायचं? उद्या दुसरी कुणीतरी तिचा रुमाल बांधून येईल, ते तुम्हाला चालेल?"

"मला कुणीच आलेलं चालणार नाही. आवाज ऐकलास का तू तो?"

"ऐकलाय. पोलिसांनी ऐकवला होता." मिल्दा खुर्चीवर बसली, कोट मांडीवर घेऊन. "आई इतकं खरं बोलली की काकांना तो अभिनय वाटला. यात त्यांचा काय दोष? सगळी हयात आईचं हेच कौतुक झालं ना?"

पोरीच्या बोलण्यात आईचं कौतुक होतं, आणि तेच योकुबासच्या अंगावर आलं. तो म्हणाला, "कोटाच्या आत पाण्यात पडल्यावर फुगणारा अंगरखा तरी घालशील?"

"घालीन. काकांनीच सांगितलंय. आणि भोंगा कॅमेरावाल्याकडे राहील."

"कॅमेरावाला कॅमेरा सोडून भोंगा वाजवेल?"

मिल्दानं कोटाची घडी घातली. "तुम्ही यायचं नाही हं त्या दिवशी, बाबा," ती म्हणाली. "मला नाही जमणार मग."

डिसेंबरात खाडी धड गोठेना. कडेला पापुद्रा धरायचा आणि वाऱ्यानं फुटायचा. ना होडी चालते, ना बर्फावर पाय टिकतो, अशा दिवसांना इथे शाक्तार्पिस म्हणतात. पूर्वी या दिवसांत खाडीतल्या बेटांवरची माणसं अडकून पडायची. तेवढे दिवस योकुबासला बरी झोप लागली. रिमगौदासनं पाण्याकाठच्या पाहुणेघरात वरच्या मजल्यावरची खोली घेतली होती. तो रोज खिडकीशी बसलेला दिसायचा. काठावर अधिकाऱ्यांनी फळा लावला होता, की बर्फ पुरेसा जाड झाल्याचं जाहीर होईपर्यंत उतरू नये. तो तिकडे ढुंकूनही बघत नसे. त्याचं लक्ष आभाळाकडे होतं.

जानेवारीत थंडी पडली. खाडी रातोरात पांढरी झाली. कडेला, लव्हाळ्यापाशी, कोळी पहारी घेऊन उतरले आणि भोकं पाडून काकडीच्या वासाचे बारके मासे पकडू लागले. आन्सासनं योकुबासला दोन मुठी आणून दिले.

"कसा आहे बर्फ?" योकुबासनं विचारलं.

"कडेला चार बोटं. आत नेमुनास नदीचं पाणी जिथून वाहतं तिथे काय आहे ते मला विचारू नकोस. पूर्वी या खाडीवरून ट्रक जायचे. आता मांजर गेलं तरी मी देवाचं नाव घेतो."

"पोलिसांना सांगू?"

"सांग की. येतील, फळा दाखवतील, चहा पिऊन जातील. तेवढ्यानं तो म्हातारा थोडाच थांबतोय? ते गेल्यावर उतरवील पोरीला." आन्सास चुलीशी हात शेकत म्हणाला. "त्याला नुसता बर्फ पुरत नाही, योकुबास. वरून भुरभुर पडायला हवी, वारा पडायला हवा, धुकं हवं. सगळं जुळून यायला हवं."

ते जुळून आलं. एका संध्याकाळी बर्फ पडायला लागला आणि जेवणं होईपर्यंत थांबला. वारा पडला. मिल्दाचा फोन आला. "सकाळी येतेय, बाबा. घरी नाही थांबणार. सरळ काठावर जाईन." तिचा आवाज कोरडा होता. योकुबासनं आवाजावरून ओळखलं, की तिनं आज काही खाल्लेलं नाही. आल्डोनाचंही शूटिंगच्या आदल्या दिवशी असंच व्हायचं.

तांबडं फुटायच्या आधी तो उठला. गुडघा दुखत होता. त्यानं दोन जोड मोजे घातले, आन्सासच्या गोठ्यातून पहार उचलली आणि खाडीवर गेला.

समोर सगळं कोरं होतं. पक्ष्याचं एक पाऊलही नाही. रिमगौदासनं जसं मागितलं असेल तसंच. योकुबासनं पहार मारली, मग पाय टाकला. पुन्हा पहार, पुन्हा पाय. आत गेल्यावर तो डावीकडे वळला, मग उजवीकडे, मग पुन्हा काठाकडे आला आणि पुन्हा आत गेला. एखादं पोर पाटीवर नुसते फरकाटे मारत सुटतं तसा तो फिरत होता. सरळ रेष म्हणून कुठे उरू द्यायची नव्हती. बुटांचे ठसे, पहारीची भोकं, जिथे दमून बसला तिथला दबलेला खड्डा, सगळं तो मागे सोडत गेला. धुकं होतं, आणि पहारीचा प्रत्येक घाव कसा वाजतो ते त्याचे कान आपोआप टिपत होते. काठाजवळ घाव टणक यायचा. पुढे गेल्यावर बसका. मग आणखी बसका.

एका ठिकाणी आवाजच आला नाही. पहार एका घावात खाली गेली आणि भोकातून पाणी वर येऊन ताजा बर्फ करडा करत पसरलं. योकुबास जिथे होता तिथेच उभा राहिला. ही तीच जागा होती की तशीच दुसरी, हे त्याला सांगता आलं नसतं. तो पोटावर आडवा झाला आणि सरकत सरकत मागे आला. पहार भोकाशेजारी आडवी तशीच राहिली.

उजाडलं तेव्हा काठावर तिघं उभी होती. कॅमेरावाला, रिमगौदास, आणि करड्या कोटातली मिल्दा. डोक्याला आईच्या पद्धतीनं रुमाल. धुक्यातून येताना योकुबासला क्षणभर काहीच कळेना, की आपण कुठल्या साली कुठून परत येतोय.

"बाबा! तुम्ही काय करून ठेवलंत हे!" मिल्दा ओरडली. "वेड लागलंय का तुम्हाला? या वयात एकटे आत गेलात?"

"तू तिशीत एकटी जाणार होतीस," योकुबास म्हणाला. त्याचे ओठ नीट हलत नव्हते. कोटाची पुढची बाजू ओली होऊन ताठरली होती.

कॅमेरावाल्यानं त्याला थर्मासमधली कॉफी दिली आणि सामान आवरायला घेतलं. रिमगौदास मात्र रागावला नव्हता. तो खाडीवरच्या त्या रेघोट्या नीट बघत होता, जणू पुढे कधीतरी उपयोगी पडतील.

"रात्रीचा सगळा बर्फ फुकट गेला," योकुबास त्याला म्हणाला. "हो ना?"

"बर्फ पुन्हा पडेल," रिमगौदास म्हणाला.

योकुबासनं मिल्दाचा दंड धरला. "नीट ऐक. शेवटच्या लव्हाळ्याच्या समोर, आत, एका घावात पहार पार गेली. ती तिथेच आहे. तुझ्या सरळ रेषेत."

मिल्दानं त्या दिशेला पाहिलं. धुक्यात पहार दिसत नव्हती. मग अगदी कामाचं बोलावं तसं तिनं रिमगौदासला विचारलं, "काका, मग तेवढ्या जागेला वळसा घातला तर चालेल?"

योकुबास रिमगौदासच्या तोंडाकडे बघत राहिला. त्यानं हो म्हणावं असं त्याला वाटत होतं, आणि नाही म्हणावं असंही.

रिमगौदासनं खरोखर विचार केला. डोळे मिटून, ओठ हलवत, तो पावलं मोजत होता. "नाही जुळणार, बाळा," तो शेवटी म्हणाला. आवाजात माया होती. "आवाज आधीचा आहे ना. पावलं त्याच्याशी जुळायला हवीत. ती तिथे थांबते, विचारते, आणि सरळ येते. वळसा घातलास तर चार पावलं जास्त होतील."

मिल्दाचा हात वर गेला आणि कोटाच्या वरच्या लाकडी गुंडीवर थांबला. तिनं गुंडी काढली नाही. नुसती धरून उभी राहिली.

"आणि तिथे पाणी असेल तर?" तिनं विचारलं.

"तू अंगरखा घातलायस. भोंगा आहे." रिमगौदास हसला. "आणि टेक्ले वळसा घालणारी बाई नाही. तू तिला ओळखतेस."

"मी आईला ओळखते," मिल्दा म्हणाली. "तिनं विचारलं होतं."

रिमगौदासनं मान हलवली, जणू तीही एक चांगली सूचना आहे आणि तो तिचा विचार करील. मग खिशातून फोन काढून त्यानं हवामान पाहिलं. "गुरुवारी पुन्हा सांगितलाय," तो म्हणाला आणि पाहुणेघराकडे चालू लागला.

मिल्दानं बापाला घरी आणलं, चूल पेटवली, त्याचे बूट ओढून काढले. "जाणार नाही असं तरी म्हण," योकुबास म्हणाला. ती त्याचे पाय टॉवेलनं पुसत राहिली. दुपारी तिचा प्रयोग होता. निघताना तिनं कोट घडी करून गाडीच्या मागच्या सीटवर ठेवला. योकुबासनं खिडकीतून पाहिलं, तिनं तो घरात आणला नव्हता.

गुरुवारी बर्फ पडला. योकुबास पहाटे खाडीवर गेला तेव्हा आन्सास दुसरी पहार घेऊन आधीच उभा होता. "तू एकटाच मजा मारणार होय रे?" तो म्हणाला. दोघांनी मिळून खाडी तुडवली. मिल्दा आली नाही, पण तिनं येणार नाही असंही कुणाला कळवलं नव्हतं. पाहुणेघराच्या वरच्या खिडकीत रिमगौदास कप हातात घेऊन त्यांच्याकडे बघत उभा होता. आन्सासनं त्याला पहार उंचावून दाखवली. त्यानं कप उंचावला.

त्यानंतर आणखी दोनदा बर्फ पडून गेला आणि दोन्ही वेळा त्यांनी खाडी तुडवली. दर वेळी आतला बर्फ आधीपेक्षा लवकर पाणी सोडतो. योकुबासचा गुडघा सुजलाय आणि आन्सासला खोकला झालाय. मिल्दा रविवारी फोन करते, तब्येत विचारते आणि त्या विषयावर आली की फोन ठेवून देते. रिमगौदासनं खोली मार्चअखेरपर्यंत घेतली आहे. दुसऱ्या भागाचा पहिला शॉट अजून घ्यायचा राहिला आहे.